वयात येताना अंगावर कोड आलं तर

आठवी-नववीतल्या मुलाच्या अंगावर पहिला पांढरा डाग दिसला की घरात एकच प्रश्न सुरू होतो: हा जाईल का? आई पदराच्या टोकाने तो पुसून बघते, वडील मेडिकलमधून विचारून मलम आणतात, आत्या फोनवरून कुणा वैद्याचा पत्ता देते. ज्याच्या अंगावर डाग आहे त्याच्या डोक्यात मात्र दुसराच प्रश्न असतो. उद्या वर्गात कुणी विचारलं तर काय सांगू?

मला कोड आलं तेव्हा मी आठवीत होते. शाळा, कॉलेज, सगळं सोलापुरातच झालं. काही डाग गेले, काही आहेत. पहिल्या प्रश्नाची वैद्यकीय उत्तरं माझ्या लहानपणापेक्षा आता पुष्कळ सुधारली आहेत. दुसऱ्या प्रश्नाला अजूनही घरोघरी उत्तर मिळत नाही, कारण ‘आधी डाग जाऊ देत, मग बघू’ असं म्हणून तो पुढं ढकलला जातो. डाग जायला महिने लागतात, कधी वर्षं लागतात. नजरा पहिल्या दिवसापासून सुरू होतात. म्हणून दोन्ही प्रश्न एकाच दिवशी हातात घ्यावे लागतात, हे मला सगळ्यात आधी सांगायचं आहे.

कातडीत नेमकं काय होतं

त्वचेला रंग देणारं द्रव्य म्हणजे मेलॅनिन. ते बनवणाऱ्या पेशींना मेलॅनोसाइट म्हणतात, आणि त्या त्वचेच्या वरच्या थराच्या तळाशी असतात. गोऱ्या आणि सावळ्या माणसात या पेशींची संख्या जवळजवळ सारखीच असते. त्या किती आणि कशा प्रकारचं मेलॅनिन बनवतात यावर रंग ठरतो. कोडात, म्हणजे डॉक्टर ज्याला व्हिटिलिगो म्हणतात त्यात, शरीराची रोगप्रतिकारशक्ती या पेशींना परकं समजते. जंतूंना मारणाऱ्या टी पेशी मेलॅनोसाइटवरच चालून जातात. जिथल्या मेलॅनोसाइट संपल्या तिथं रंग बनणं थांबतं आणि डाग दुधासारखा पांढरा दिसतो.

सोलापुरी चादरीच्या भाषेत सांगायचं तर सूत तेच, वीण तीच, मजबुती तीच. त्या तेवढ्या तुकड्यावर रंगखात्यातली माणसं कामाला नाहीत. त्यामुळे डाग दुखत नाही, सहसा खाजत नाही, तिथं स्पर्श नीट कळतो. आणि तो कुणाला लागत नाही. हात हातात घेतल्याने, एका ताटात जेवल्याने, एकमेकांचा टॉवेल वापरल्याने, एका बाकावर बसल्याने कोड पसरत नाही, कारण पसरायला त्यात जंतूच नसतो.

जगभरात साधारण अर्धा ते दोन टक्के लोकांना कोड असतं, आणि त्यातल्या जवळपास निम्म्यांना ते विशीच्या आत सुरू होतं. म्हणजे हा पुष्कळदा पोरवयात येऊन भेटणारा विकार आहे. २०११च्या जनगणनेत सोलापूर शहराची लोकसंख्या साडेनऊ लाखांच्या आसपास होती. अर्धाच टक्का धरला तरी पावणेपाच हजार माणसं होतात. एवढी माणसं नवी पेठेत, सात रस्त्यावर, सिटी बसमध्ये आपल्याला दिसत का नाहीत? बरीचशी लांब बाह्यांच्या आणि स्कार्फच्या आत आहेत. चौदा वर्षांच्या मुलीला वाटतं की अख्ख्या गावात आपण एकट्याच, ते यामुळेच.

कोडाचे ढोबळ दोन प्रकार. एकात डाग शरीराच्या दोन्ही बाजूंना येतात, दोन्ही कोपरांवर, दोन्ही गुडघ्यांवर, दोन्ही डोळ्यांभोवती. हा जास्त आढळतो आणि कमी-जास्त होत राहतो. दुसऱ्यात एकाच बाजूच्या एका पट्ट्यात डाग येतात. तो बहुधा लहान वयात येतो, एक-दोन वर्षांत पसरायचा तिथं पसरतो आणि मग बहुतेक वेळा थांबतो. उपचार आणि पुढचा अंदाज यावरून बदलतो, म्हणून डॉक्टरांना हे जरूर विचारावं.

प्रत्येक पांढरा डाग म्हणजे कोड नव्हे, हेही घाबरण्याआधी पाहावं. शाळकरी मुलांच्या गालावर येणारे फिकट, किंचित कोंडा असलेले डाग हे कोरड्या त्वचेचे असतात. आपल्याकडे त्यांना ‘जंत झालेत’ म्हणून औषध देतात, पण जंतांशी त्यांचा संबंध नसतो आणि ते आपोआप जातात. मानेवर-पाठीवर घामाच्या दिवसांत येणारी शिबं बुरशीची असतात. त्वचेचे डॉक्टर अंधाऱ्या खोलीत वुड्स लॅम्प नावाचा जांभळा दिवा धरून बघतात. कोडाचा डाग त्यात लख्ख उजळतो. तपासणी दोन मिनिटांची आणि न दुखणारी आहे. सोलापूरच्या सिव्हिलमध्ये त्वचारोग विभाग आहे, तिथं दाखवता येतं.

आता कुष्ठरोगाचं. कोडाला पूर्वीपासून ‘पांढरं कुष्ठ’ म्हणत आले आणि तिथून सगळी भीती या डागांना चिकटली. कुष्ठरोगाचा चट्टा फिकट किंवा लालसर असतो, दुधासारखा पांढरा नसतो, आणि त्यावर बहुधा स्पर्श कळत नाही. तो जंतूमुळे होतो, सरकारी दवाखान्यात त्याची औषधं फुकट मिळतात आणि ६ किंवा १२ महिन्यांच्या उपचाराने तो पूर्ण बरा होतो. ‘आमच्या मुलीला कोड आहे, काही कुष्ठ नव्हे’ असं सांगताना आपला आवाज बघावा. एकाला वाचवायला दुसऱ्याला खाली ढकलायची गरज नाही.

डाग जागा कशी निवडतो

कोड असलेल्या त्वचेला घासलं, कापलं, भाजलं तर त्या जागी नवा डाग उठू शकतो. डॉक्टर याला कोबनर परिणाम म्हणतात. गुडघे, कोपरं, घोटे, बोटांची पेरं इथं डाग का येतात ते यावरून कळतं. सलवारची नाडी करकचून बांधली, दप्तराचा पट्टा रोज त्याच खांद्यावर रुतला, बूट चावले, अंघोळीला खरखरीत घासणी वापरली, की त्या जागा धोक्यात येतात. सैल इलॅस्टिक आणि मऊ कपडा हे छोटे बदल आहेत, पण ते खरोखर उपयोगी पडतात.

खेळ बंद करू नका, एवढी एक विनंती. कबड्डीत गुडघा सोलवटेल आणि तिथं डाग येईल, ही शक्यता खरी आहे. गुडघ्याला पॅड बांधता येतं. डागाच्या भीतीने मैदानावरून घरी आणलेलं पोर जे गमावतं ते त्या डागापेक्षा मोठं असतं, हे मी ठामपणे म्हणते.

काही रसायनं मेलॅनोसाइटला थेट मारतात. बायकांच्या कपाळावर टिकलीच्याच आकाराचा पांढरा डाग पडतो तो काही स्वस्त टिकल्यांच्या गोंदातल्या फिनॉल जातीच्या रसायनामुळे. रबरी चपलेच्या पट्ट्यांची पांढरी नक्षी पायावर उमटते ती रबरात घातलेल्या रसायनांमुळे. केस काळे करायच्या डायनेही असं होतं. असा डाग दिसताच ती वस्तू बंद करावी. वेळेत थांबवलं तर कधी कधी रंग परत येतो. घरात आधीच कुणाला कोड असेल तर पोरीला गोंदवाली टिकली न लावता कुंकू लावू द्यावं किंवा कपाळ मोकळं ठेवू द्यावं.

रंग परत कुठून येतो

उपचाराची एक गोष्ट समजली की पुढची बरीच निराशा टळते. डागातल्या वरच्या थरातल्या रंगपेशी मेल्या, तरी केसांच्या मुळाशी रंगपेशींचा राखीव साठा असतो. उपचार लागू पडला की त्या तिथून वर येतात. म्हणून बरा होणारा डाग एकदम भरत नाही. त्यात आधी तपकिरी ठिपके उठतात, प्रत्येक ठिपका एका केसाभोवती, आणि मग ते ठिपके पसरून एकमेकांना मिळतात. पहिल्यांदा हे ठिपके बघून आया घाबरतात. घाबरू नका, ती चांगली खूण आहे.

यावरूनच कुठं यश येईल त्याचा अंदाज बांधता येतो. चेहऱ्यावर आणि मानेवर लव भरपूर, तिथं रंग सगळ्यात चांगला परततो. बोटांची टोकं, तळवे, ओठ इथं केस नाहीत, म्हणून तिथं सगळ्यात अवघड. डागावरचा केससुद्धा पांढरा झाला असेल तर राखीव साठाही संपत आल्याची ती खूण. हातांच्या बोटांवर मलम लावून सहा महिन्यांनी काही दिसलं नाही म्हणजे मुलाने आळस केला, असं धरून त्याला बोलू नये.

पहिली पायरी बहुधा मलमांची: ठरावीक काळापुरतं स्टिरॉइड, किंवा चेहऱ्यासारख्या नाजूक जागी टॅक्रोलिमस. स्टिरॉइडचं मलम डॉक्टरांना न विचारता महिनोन्‌महिने चोळलं तर त्वचा पातळ होते, लाल होते, पुरळ येतं. डाग झपाट्याने पसरत असतील तर काही डॉक्टर आठवड्यातून लागोपाठ दोन दिवस स्टिरॉइडच्या गोळ्या देतात. वाढत्या वयात त्या घ्यायच्या तर वजन, उंची, रक्तदाब यावर डॉक्टरांची नजर हवीच.

सर्वांत भरवशाचा उपचार म्हणजे नॅरो-बँड यूव्हीबी, ३११ ते ३१३ नॅनोमीटरचा अतिनील प्रकाश. आठवड्यातून दोन-तीन वेळा काही सेकंद ते काही मिनिटं. फरक पडतोय की नाही हे ठरवायलाच किमान तीन महिने, पुष्कळदा सहा महिने द्यावे लागतात. बार्शी किंवा मंगळवेढ्याहून येणाऱ्या घराला याचा अर्थ आठवड्यातून दोनदा एसटी, बुडालेली शाळा आणि आई-वडलांपैकी एकाचा बुडालेला रोज. हा हिशोब पहिल्या भेटीतच डॉक्टरांसमोर मांडा. शाळा सुटल्यानंतरची वेळ मिळते का, गावाजवळ सोय आहे का, डॉक्टरांच्या देखरेखीखाली घरी वापरायचं छोटं यंत्र परवडेल का, हे विचारता येतं. मध्येच सोडून दिलेला उपचार पोराच्या मनात ‘माझं काही होणार नाही’ असं लिहून जातो.

जे डाग वर्षभर तरी वाढलेले नाहीत त्यांच्यासाठी शस्त्रक्रिया असते. रंग असलेल्या जागेची त्वचा किंवा पेशी घेऊन डागावर बसवतात. आणि अलीकडे औषधांचा एक नवा गट आला आहे. टी पेशींना बोलावणारा निरोप ज्या मार्गाने जातो त्याला जॅक मार्ग म्हणतात, तो ही औषधं अडवतात. त्यातल्या रुक्सोलिटिनिब या मलमाला अमेरिकेत २०२२ साली १२ वर्षं आणि त्यावरच्या रुग्णांसाठी मान्यता मिळाली. त्याच्या चाचण्यांत २४ आठवड्यांनंतर साधारण ३० टक्के लोकांच्या चेहऱ्यावरच्या डागांत ७५ टक्के किंवा जास्त सुधारणा दिसली. हा आकडा दोन्ही बाजूंनी वाचावा: आशा खरी आहे, आणि सगळ्यांना सारखा गुण येत नाही हेही खरं आहे.

गेलेला डाग त्याच जागी परत का येतो? डागातल्या काही टी पेशी रंग परतल्यावरही त्वचेत दबा धरून राहतात. उपचार थांबवल्यावर वर्षभरात साधारण ४० टक्के रुग्णांत डाग परत दिसू लागतात. टॅक्रोलिमस आठवड्यातून दोनदा लावत राहिलं तर हे प्रमाण खूप खाली येतं, असं अभ्यासात दिसलं आहे. डाग परत आला म्हणजे मुलाने काही खाल्लं असेल, असं नसतं.

खाण्यावरून आठवलं. दूध आणि मासे एकत्र खाल्ले म्हणून कोड येतं, याला पुरावा नाही. आंबट बंद, दही बंद, पांढरं बंद, यालाही नाही. शेंगाचटणीवर दही घालून कडक भाकरी खाणाऱ्या घरात एकट्या पोरासाठी वेगळं ताट वाढलं जातं, तेव्हा त्याला रोज दोन वेळा कळतं की आपण वेगळे आहोत. एवढी मोठी शिक्षा, आणि त्वचेला तिचा काही फायदा नाही.

बावचीबद्दल मात्र जपून सांगायला हवं, कारण ती निव्वळ अंधश्रद्धा नाही. बावचीच्या बियांत सोरॅलेन हे द्रव्य असतं आणि ते त्वचेला उन्हासाठी फार संवेदनशील करतं. सोरॅलेन आणि अतिनील किरण यांची जोडी आधुनिक वैद्यकानेही वर्षानुवर्षं वापरली आहे, मोजून-मापून. घोटाळा होतो तो मापाचा. बावचीचं तेल चोळून सोलापूरच्या एप्रिल-मेच्या उन्हात, पारा ४० च्या वर असताना, गच्चीवर बसवलेल्या मुलाच्या अंगावर फोड उठतात. भाजलेल्या जागी पुन्हा कोबनर परिणाम होतो आणि डाग मोठा होतो. आयुर्वेदिक उपचार घ्यायचे असतील तर पदवीधर वैद्यांकडून घ्या, आणि आपल्या त्वचेच्या डॉक्टरांना ते सांगा.

रंग नसलेली त्वचा उन्हात लवकर भाजते. सुती पूर्ण बाह्या, टोपी, छत्री, ३० किंवा जास्त एसपीएफचं सनस्क्रीन. त्याने आजूबाजूची त्वचा कमी रापते आणि डागही कमी उठून दिसतो.

पंधराव्या वर्षी नजरा

या वयात प्रत्येकालाच वाटतं की सगळे आपल्याकडेच बघतायत. डेव्हिड एल्काइंड या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९६७ साली याला ‘काल्पनिक प्रेक्षक’ म्हटलं. नाकावर एक पुटकुळी आली तरी मुलाला घराबाहेर पडवत नाही, ते या प्रेक्षकांमुळे. बहुतेक मुलांना मोठं होताना कळतं की ते प्रेक्षक नव्हतेच, आणि मन हलकं होतं.

कोड असलेल्या मुलाचे प्रेक्षक मात्र अर्धे खरे असतात. गड्ड्याच्या यात्रेत पाळण्याच्या रांगेत उभं असताना पुढची बाई खरंच वळून बघते. रिक्षातली आजी खरंच विचारते, ‘कधीपासून आहे गं?’ वर्गातला पोरगा खरंच म्हणतो, ‘भाजलं का बे?’ अशा वेळी घरचे प्रेमाने म्हणतात, ‘अगं, कुणी बघत नाही, तुझ्या मनाचे खेळ आहेत.’ मुलीने आत्ताच बघितलेलं असतं. मग तिचा विश्वास घरच्यांवरून उडतो किंवा स्वतःच्या डोळ्यांवरून, आणि दोन्ही वाईट. त्यापेक्षा ‘हो, बघतात. त्रास होतो ना?’ एवढं म्हणणं खूप मोठा आधार असतो. मला हे माझ्या मावशीने म्हटलं होतं, आणि त्या दिवसापासून मी तिच्याशी सगळं बोलू लागले.

बघणाऱ्यांपैकी बहुतेक जण कुतूहलाने बघतात, काही भीतीने, थोडे खोडसाळपणाने. तिघांना उत्तरं वेगळी द्यावी लागतात, आणि ती आधी तयार ठेवता येतात. ब्रिटनमध्ये जेम्स पार्ट्रिज यांना अठराव्या वर्षी गाडीच्या आगीत चेहऱ्यावर गंभीर भाजलं. त्यांनी १९९२ साली ‘चेंजिंग फेसेस’ ही संस्था काढली आणि चेहऱ्यावर-अंगावर दिसणारं वेगळेपण घेऊन जगणाऱ्यांना लोकांशी बोलायची कौशल्यं शिकवली. त्या संस्थेची एक साधी रीत आहे: काय आहे ते सांगा, समोरच्याची भीती घालवा, विषय बदला. आपल्या भाषेत ती अशी बसते. ‘कोड आहे. कुणाला लागत नाही. तुझी इतिहासाची वही दे की.’ पाच सेकंदांत काम झालं. मधल्या वाक्यात भीती जाते आणि तिसऱ्यामुळे समोरच्याला त्या अवघडलेपणातून बाहेर पडायला वाट मिळते, कारण अवघडलेला तोही असतो.

टक लावून बघणाऱ्याकडे एकदा सरळ बघून मान हलवली तर बहुतेक जण भानावर येतात. आणि प्रत्येक वेळी उत्तर द्यायलाच पाहिजे असं नाही. ‘आज नको’ म्हणून पुढं जाण्याचा हक्क मुलांना घरूनच द्यायला हवा. रिक्षातल्या आजीला आपल्या आजाराचा इतिहास सांगणं हे काही कुणाचं कर्तव्य नाही.

ही वाक्यं घरात म्हणून बघावीत, मोठ्याने, दोन-चारदा. भावाने खोडसाळ पोराचं सोंग घ्यावं. सोलापुरात तर मराठी, तेलुगू, कन्नड अशा सगळ्या भाषांत प्रश्न येतात. गल्लीत ज्या भाषेत विचारतात त्या भाषेतही उत्तर तयार असावं.

टोपणनाव पडलं तर तो प्रकार वेगळा. ते कुतूहल नव्हे, छळ आहे, आणि तो थांबवणं हे मोठ्यांचं काम आहे, पोराचं नाही. वर्गशिक्षकांना भेटा. शिक्षकांनी एक मात्र पाळावं: मुलाला विचारल्याशिवाय वर्गात त्याच्याबद्दल बोलू नये. चांगल्या हेतूने का होईना, एखाद्याला उभं करून ‘याला काही म्हणायचं नाही हं’ असं सांगितलं की उरलेल्या सगळ्या माना त्याच्याकडे वळतात. विज्ञानाच्या तासाला त्वचा शिकवताना मेलॅनिनबरोबर कोडही शिकवलं, कुणाकडे न बघता, तर तेवढ्याने पुष्कळ काम होतं.

झाकावं की नाही? माझं मत असं की हा निर्णय पूर्णपणे त्या मुलाचा किंवा मुलीचा. त्वचेच्या रंगाशी जुळणारं, पाण्याने न जाणारं मेकअप मिळतं, आणि लग्नाला किंवा स्नेहसंमेलनाला ते लावावंसं वाटलं तर त्यात कमीपणा नाही. सोलापुरात उन्हामुळे निम्म्या पोरी स्कार्फ बांधूनच स्कूटीवर असतात. फरक एवढाच पाहावा की झाकल्यामुळे मुलगी बाहेर पडतेय की झाकता येणार नाही म्हणून घरात बसतेय. पहिली सोय आहे. दुसरं सुरू झालं असेल तर तिला मदतीची गरज आहे.

नातेवाईक, लग्न आणि घराणं

मुलगी चौदा वर्षांची आणि घरात चर्चा तिच्या लग्नाची. ती बाजूच्या खोलीत अभ्यास करत असते आणि तिला सगळं ऐकू येतं. ‘हिचं कसं होणार’ हे वाक्य घरात कुणीही, अगदी काळजीपोटीसुद्धा, उच्चारू नये. त्या वयात मुलगी दहावीला किती टक्के पडतील याचा विचार करत असते. आपण तिच्या हातात दहा वर्षांनंतरचं ओझं देतो. मुलांनाही हे चुकत नाही, त्यांच्याबाबतीत फक्त बोलणं कमी होतं आणि मुलगे ते गिळून टाकतात.

‘घराण्यात आहे’ या भीतीलाही आकड्यांनी उत्तर देता येतं. कोडाची प्रवृत्ती काही अंशी जनुकांतून येते, पण एका जनुकाचा हा खेळ नाही, अनेक जनुकांचा थोडा थोडा वाटा असतो. आई, वडील किंवा भावंडाला कोड असेल तर दुसऱ्याला येण्याची शक्यता साधारण ६ ते ७ टक्के. म्हणजे शंभरातल्या नव्वदहून जास्त जणांना ते येत नाही. हुबेहूब जुळ्यांत, जिथं जनुकं तीच असतात तिथंही, एकाला कोड असताना दुसऱ्याला ते सुमारे २३ टक्के जोड्यांतच आढळलं. मागच्या जन्माचं पाप, नागाचा शाप वगैरे मला लहानपणी ऐकवलं गेलं. अक्कलकोटला, पंढरपूरला, तुळजापूरला जाऊन ज्यांच्या मनाला बळ मिळतं त्यांनी जरूर जावं. पण नवस फेडताना मुलाला असं वाटू देऊ नये की त्याचं शरीर हा कुणाच्या तरी अपराधाचा दंड आहे.

पुण्यात डॉ. माया तुळपुळे यांनी कोड असलेल्यांसाठी ‘श्वेता असोसिएशन’ हा स्वमदत गट उभा केला. त्यांना स्वतःला कोड आहे. आपल्यासारखं दुसरं माणूस प्रत्यक्ष भेटणं, त्याला नोकरी करताना, संसार करताना, हसताना बघणं, याची बरोबरी कुठलंच पुस्तकी समुपदेशन करू शकत नाही. सोलापुरात डॉक्टरांच्या वेटिंग रूममध्ये शेजारी बसलेल्या कुटुंबाशी बोलायला सुरुवात केली तरी असा गट जमतो. २५ जून हा जागतिक व्हिटिलिगो दिन असतो, निमित्त हवंच असेल तर तेही आहे.

करिअरबद्दल एक व्यवहाराची गोष्ट. कोड असताना डॉक्टर, शिक्षक, इंजिनिअर, वकील, काहीही होता येतं. सैन्यभरतीच्या वैद्यकीय निकषांत मात्र उघड्या भागांवरचं कोड आडवं येतं. आपल्या जिल्ह्यातली कितीतरी पोरं पहाटे उठून भरतीसाठी धावतात. त्यांनी दोन वर्षं घाम गाळण्याआधी त्या-त्या भरतीचे निकष वाचून घ्यावेत. २०१६च्या अपंग हक्क कायद्यातल्या २१ प्रकारांत कोडाचा समावेश नाही, त्यामुळे त्या प्रमाणपत्रासाठी कुणी एजंट पैसे मागत असेल तर देऊ नयेत.

डॉक्टरांकडे जाताना थायरॉइडची तपासणी विचारा, कारण कोड असलेल्यांत थायरॉइडचे विकार इतरांपेक्षा जास्त आढळतात. थकवा, पाळीतली अनियमितता किंवा वजनातला बदल असेल तर नक्कीच. डोळ्यांची, कानांची काही तक्रार असेल तर तीही सांगा. आणि तपासणीच्या खोलीत प्रश्नांची उत्तरं मुलाला देऊ द्या. कुठला डाग त्याला सगळ्यात जास्त खुपतो हे आईला ठाऊक नसतं. आईला गालावरचा डाग मोठा वाटतो, आणि पोराला नको असतो तो बोटांवरचा, कारण बाकावर तोच दिसतो.

उपचारांचा क्रम त्याच्या उत्तरावरून ठरावा. मलम दिवसातून दोनदा लावणं चौदा-पंधराव्या वर्षी कुणाच्या ओरडण्याने होत नाही. ‘कधी लावणं तुला जमेल?’ असं विचारलं तर होतं.

काही खुणांवर मात्र लक्ष ठेवावं. मूल शाळा टाळायला लागलं, फोटो काढू देईनासं झालं, मित्र तुटले, झोप किंवा भूक बिघडली, ‘मी नसतो तर बरं झालं असतं’ अशी भाषा आली, तर त्वचेच्या उपचाराबरोबर मनाचा उपचार त्याच आठवड्यात सुरू करावा. सिव्हिलमध्ये मानसोपचार विभाग आहे. १४४१६ हा सरकारचा टेलिमानस क्रमांक आहे, फोन फुकट लागतो, मराठीत बोलता येतं आणि रात्रीही उचलतात. अठरा वर्षांखालच्या मुलांसाठी १०९८ आहे. हे दोन्ही क्रमांक मुलाच्याच फोनमध्ये घालून द्यावेत, म्हणजे आपल्याशी बोलता आलं नाही तरी त्याला बोलता येईल.